हात लावायचा नाही

पुण्याच्या माणसाला काहीही करायला सांगा. तो ते करील, नाहीतर ते का होणार नाही हे तरी उभ्याउभ्या अर्धा तास समजावून सांगेल. ‘काहीही करू नका’ एवढं मात्र त्याला सांगू नये. चौकात कुणाची गाडी बंद पडली तर किक मारणारा एकटाच असतो, पण ‘चोक ओढा’ सांगणारे चहाच्या टपरीवरून उठून येतात. मोटार मागे घेणाऱ्याला ‘येऊ द्या, येऊ द्या’ म्हणण्यासाठी पंगतीतला माणूससुद्धा हात न धुता कार्यालयाबाहेर येईल. आमची बिबवेवाडी पेठांच्या लेखी पुण्यात मोडत नाही, आणि आम्हीही लक्ष्मी रोडला निघालो की ‘गावात जाऊन येतो’ असंच म्हणतो. पण या एका बाबतीत आम्ही अस्सल पुणेकर आहोत.

अशा वस्तीत स्कोन हा पदार्थ करायला घेतला जावा, हे त्या पदार्थाच्या नशिबाचे भोग.

स्कोन मूळचा स्कॉटलंडचा. पूर्वी तिकडे ओटच्या पिठाचा जाड रोट तव्यावर भाजून त्याचे चार तुकडे करत. पुढे ओव्हन आला, बेकिंग पावडर आली आणि रोट फुगून आजच्या रूपाला पोचला. पाव म्हणावा तर यीस्ट नाही, केक म्हणावा तर अंड्यावाचून अडत नाही, बिस्किट म्हणावं तर आतून मऊ. साहित्य पाच-सहा जिनसांचं. कृती म्हणाल तर ती जवळजवळ सगळी नकारार्थी. पीठ मळू नये. लोणी वितळू देऊ नये. कापताना वाटी गोल फिरवू नये. ओव्हनचं दार मध्येच उघडू नये. दुसऱ्या दिवसासाठी ठेवू नये. वाचताना वाटतं, ही कृती सदाशिव पेठेतल्या एखाद्या वाड्याच्या जिन्यावरून उतरवून आणली असावी. पण पाट्या लावणारं गाव वेगळं आणि पाळणारं गाव वेगळं. पुणे पहिल्या प्रकारात मोडतं.

आमच्या कन्येने एका थंडीतल्या रविवारी चॉकलेट आणि संत्र्याचे स्कोन करण्याचा बेत जाहीर केला. चॉकलेट तिच्याकडे होतं. संत्री आणायचं काम माझ्याकडे आलं.

संत्र्यांच्या बाबतीत बिबवेवाडीकर भाग्यवान. मार्केट यार्ड हाकेच्या अंतरावर. तिथे अडचण असते ती फक्त संख्येची. “दोन द्या,” म्हटल्यावर विक्रेता पेट्यांच्या ढिगाकडे वळला. पेट्या नव्हेत, फळं दोन, असं सांगितल्यावर त्याने माझ्याकडे निरखून पाहिलं आणि घरी कुणी आजारी आहे का, अशी चौकशी केली. किसायला हवीत म्हटल्यावर तो खुलला. “मग नागपुरी नका नेऊ, साहेब. साल सैल असते. किसणीवर धरलं की साल एकीकडे, फळ दुसरीकडे. माल्टा न्या, घट्ट सालीचं.”

सल्ला अगदी बरोबर होता. नागपुरी संत्रं हे सैल सालीच्या जातीचं. सोलायला सोपं, किसायला अवघड. पण शेजारी मोसंबी निवडत असलेल्या गृहस्थांना तो झोंबला. “आमच्या नागपूरच्या संत्र्याले काय झालं?” असं म्हणत ते वळले. मग रघुजी भोसल्यांनी हे झाड औरंगाबादेहून नागपुरात नेलं इथपासून २०१४ मध्ये मिळालेल्या भौगोलिक मानांकनापर्यंत सगळं निघालं. एव्हाना संत्रा बर्फीवर गाडी आली होती आणि दोन हमालही आपलं मत सांगायला थांबले होते. माझं मत कुणी विचारलं नाही. मी एक नागपुरी आणि एक माल्टा घेऊन दोन्ही पक्षांचा निरोप घेतला.

घरी किसणं सुरू झालं. संत्र्याचा खरा वास रसात नसतो. तो सालीच्या वरच्या नारिंगी थरातल्या बारीक तैलग्रंथींमध्ये असतो. त्याखालचा पांढरा थर कडू, म्हणून नारिंगी दिसेनासं झालं की हात थांबवायचा. तो कीस साखरेत चोळून ठेवला की साखर तेल शोषून घेते आणि घरभर वास सुटतो. या वासाने आई स्वयंपाकघरात आली. आई मूळची कोकणातली, आणि संत्र्याच्या सालीविषयी तिचं धोरण पक्कं आहे. साल सोलायची, उन्हात वाळवायची, कुटायची आणि दिवाळीच्या उटण्यात घालायची. साखरेतला कीस मैद्याकडे निघालेला पाहून ती हादरली.

“अगं, तोंडाला लावायची वस्तू तोंडात कसली घालतेस?”

कन्येने तिला समजावलं की चॉकलेट-संत्र्याची जोडी साहेबाकडे जुनी आहे. यॉर्कच्या टेरी कंपनीने १९३२ मध्ये संत्र्याच्या आकाराचं, आत फोडी असलेलं चॉकलेट काढलं, आणि ते खायच्या आधी टेबलावर आपटतात. या शेवटच्या माहितीने आईचं इंग्रजांविषयीचं मत किंचित सुधारलं. नारळ फोडणाऱ्या माणसाला आपटून खाण्याच्या वस्तूबद्दल आदर वाटतोच.

खुद्द चॉकलेटची गोष्ट थोडक्यात सांगता येईल, कारण ते थोडकंच उरलं. पाककृतीत ‘गडद चॉकलेटचे जाडसर तुकडे करावेत’ असं लिहिलेलं असतं. त्या तुकड्यांची चव जाणाऱ्या-येणाऱ्याने तपासावी, असं कुठेही लिहिलेलं नसतं. ते आमच्याकडे न सांगता होतं.

मग प्रमाणाचा प्रश्न आला. मैदा २२५ ग्रॅम, लोणी ५५ ग्रॅम, साखर २५ ग्रॅम. आमची ही म्हणाली, “सरळ पाव किलो लिहायला काय झालं होतं?” त्याच वेळी वरच्या मजल्यावरचे काका पेपर परत करायला आले. काका निवृत्त अभियंता आहेत. बिबवेवाडीतल्या प्रत्येक सोसायटीत एक निवृत्त अभियंता असतो आणि इमारतीत कुठेही आकडा उच्चारला गेला की तो खाली उतरतो. त्यांनी चष्मा पुसून उलगडा केला. ही मूळची औंसातली मापं आहेत. आठ औंस, दोन औंस, एक औंस. ग्रॅममध्ये आणताना जवळपासच्या आकड्यावर बसवली, म्हणून अशी अडनिडी दिसतात.

“म्हणजे पावशेर मैदा, छटाक लोणी, अर्धा छटाक साखर,” आई कोपऱ्यातून म्हणाली.

काकांनी मोबाइलवर हिशेब केला. पावशेर म्हणजे सुमारे २३३ ग्रॅम, छटाक म्हणजे ५८. मैद्यात आठ आणि लोण्यात तीन ग्रॅमचा काय तो फरक. स्कॉटलंडची कृती कोकणातल्या वाण्याच्या तागडीत पडली आणि जागच्या जागी बसली. या क्षणापासून आईने स्कोन दत्तक घेतले. दत्तक घेतल्यावर संस्कार करणं ओघाने आलंच.

खरा संघर्ष पुढे होता. स्कोनसाठी लोणी फ्रिजमधून काढलेलं, गार हवं. त्याचे तुकडे मैद्यात बोटांच्या टोकांनी चुरायचे. तळहात लावायचा नाही, कारण तळहात गरम असतो. ओव्हनमध्ये लोण्याचे कण वितळतात, त्यातल्या पाण्याची वाफ होते, तिने पापुद्रे सुटतात. हे सगळं आईला शब्दशः मान्य होतं, फक्त उलट्या बाजूने. “मोहन कडकडीत घालतात. गार मोहन कधी ऐकलंय?” पण तिनेच मूठभर मिश्रण दाबून पाहिलं आणि मुटका वळतोय म्हणाली. ही शंकरपाळ्याची परीक्षा स्कोनने पहिल्या फटक्यात उत्तीर्ण केली. मोहन गार असो की गरम, काम तेच: पिठाच्या कणांना स्निग्धतेचा लेप द्यायचा, म्हणजे ते एकमेकांना घट्ट धरून बसत नाहीत.

दूध घालायची वेळ आली. त्याआधी कन्येने त्या दुधात संत्र्याचा रस पिळला, आणि दूध आमच्या डोळ्यांदेखत फाटलं.

मराठी घरात दूध नासणं ही किरकोळ घटना नसते. त्यावर चौकशी बसते. पातेलं कुणी घासलं, पिशवी कधीची होती, फ्रिजचं दार कुणी उघडं ठेवलं होतं. इथे तर गुन्हेगाराने सर्वांसमक्ष, हसतमुखाने दूध नासवलं होतं. काकांनी ‘विरुद्ध आहार’ हे शब्द उच्चारले. कन्येने शांतपणे विचारलं, “काका, शिकरण?” शिकरणीचं नाव निघाल्यावर पुण्यात आयुर्वेद जरा सबुरीने घेतला जातो. मग तिने खुलासा केला की स्कोनमध्ये ताक घालण्याची पद्धत जुनीच आहे. आंबट दुधाने स्कोन मऊ होतात आणि बेकिंग पावडरीतल्या सोड्याला जोर चढतो. फाटलेलं दूध हा इथे अपघात नसून साहित्य आहे. ही एवढंच म्हणाली, “हे कारण मला पंचवीस वर्षांपूर्वी कळायला हवं होतं.”

दूध पडलं, सुरीने चार वळसे दिले, पीठ जेमतेम एकत्र आलं. ओबडधोबड, कुठे कोरडं, कुठे ओलं. स्कोनच्या कृतीतला परमोच्च क्षण हाच. इथे थांबायचं. मैद्याला पाणी लागून तो मळला गेला की त्यात ग्लुटेनचे चिवट धागे तयार होतात. पुरणपोळीला हेच धागे हवे असतात, म्हणून आपण कणीक तिंबतो, तेल लावून पुन्हा तिंबतो. स्कोनला तेच वर्ज्य. पण आईच्या हातांनी आयुष्यभर ओबडधोबड गोळा असा उघड्यावर पडलेला पाहिलेला नव्हता.

“जरा सारखं करते,” ती म्हणाली.

महाराष्ट्रातल्या स्वयंपाकघरांत याहून धोकादायक वाक्य नाही. या वाक्यानंतर झालर मुरडली जाते, मीठ दुसऱ्यांदा पडतं, सुनेचा भात पुन्हा कुकरला लागतो. त्यात वाईट हेतू कधीच नसतो, म्हणून प्रतिकारही करता येत नाही. कन्येने प्रतिकार केला नाही. तिने आजीपुढे परात ठेवली आणि संध्याकाळच्या पोळ्यांची कणीक मळून मागितली. पूर्वी पोळ्या करताना मध्येमध्ये येणाऱ्या नातीला आई कणकेचा गोळा देऊन बाजूला बसवायची. आज नातीने आजीला बसवलं.

एवढ्यात दारात शेजारच्या भाभी उभ्या. बिबवेवाडी आणि गंगाधाम परिसरात मार्केट यार्डाच्या व्यापारामुळे मारवाडी आणि गुजराती, त्यातही जैन कुटुंबं भरपूर. त्यामुळे आमच्या मजल्यावर कुठलाही गोड वास सुटला की पहिला प्रश्न ठरलेला असतो. “अंडं नाही ना घातलं?” नाही म्हटल्यावर भाभी निर्धास्त होऊन आत आल्या, मिश्रण पाहिलं आणि म्हणाल्या, “थोडा ओवा टाका ना.” आईने परातीवरून ‘वेलची’ सुचवली. काकांनी ‘जायफळ, पण चिमूटभरच’ असा समतोल मांडला. चॉकलेट आणि संत्रं या दोन ठळक चवी आत असताना पदार्थाला चव येईल की नाही, अशी प्रामाणिक काळजी सर्वांच्या चेहऱ्यावर होती.

चर्चेला वेळ नव्हता. बेकिंग पावडर ओली झाली की वायू सोडू लागते, आणि मग मिश्रण फार वेळ ताटकळत ठेवता येत नाही. ही पावडर १८४३ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड नावाच्या औषधविक्रेत्याने बनवली, कारण त्याच्या पत्नीला यीस्ट सोसत नव्हतं. तिला अंडीही सोसत नव्हती, म्हणून त्याने त्याआधीच बिनअंड्याची कस्टर्ड पावडर केली होती. बायकोच्या पोटाची एवढी काळजी करणारा नवरा इतिहासात विरळा, हे आमच्या हिने दोनदा बोलून दाखवलं. पुण्याने तरी या बाबतीत बर्डसाहेबांना साथ दिली आहे. कस्टर्ड आणि बेकिंग पावडरीचा जो डबा आपण वर्षानुवर्षं पाहत आलो, ती वीकफिल्ड कंपनी नावावरून विलायती वाटली तरी १९५६ पासून पुण्याचीच.

आता ओव्हन. मध्यमवर्गीय फ्लॅटमध्ये ओव्हन कुठे ठेवायचा हे वास्तुशास्त्र ठरवत नाही. पंधरा अँपिअरचा पॉइंट ठरवतो. आमच्याकडे तो ड्राय बाल्कनीत आहे आणि त्याच्यावर वॉशिंग मशीनचा पहिला हक्क आहे. मशीनमध्ये चादरी फिरत होत्या. ओव्हन २२० अंशांना आधी तापवून ठेवायचा असतो. म्हणजे मध्येच उघडायची नाहीत अशी यंत्रं दोन आणि पॉइंट एक. काकांनी एक्स्टेन्शन बोर्डाचा विषय काढला आणि अभियंता असल्यामुळे स्वतःच फेटाळला. अखेर चादरी फेसातच थांबल्या.

आमच्या पिढीने घरात पहिला ओव्हन पाहिला तो ॲल्युमिनियमचा, गोल, झाकणाला काचेची खिडकी असलेला. वर्षातून दोनदा माळ्यावरून उतरणारा. त्याच्याही आधी भट्टी होती ती बेकरीवाल्याची. दिवाळीत नाहीतर मे महिन्यात मैदा, पिठीसाखर आणि तुपाचे डबे घेऊन बायका बेकरीत जात. तिथे काळे पडलेले पत्र्याचे ट्रे मिळत, नानकटाया वळायच्या, आणि मग आपलं तूप दुसऱ्याच्या ट्रेमध्ये जाऊ नये म्हणून डोळ्यांत तेल घालून बसायचं. पण भट्टीजवळ बेकरीवाला कुणालाच फिरकू देत नसे. लांब दांड्याच्या फळीने तोच ट्रे आत सारायचा, तोच बाहेर काढायचा. नानकटाई अशी खुसखुशीत कशी व्हायची, याचं उत्तर आता मिळतं. कॅम्पातल्या कयानी बेकरीची श्रूजबेरी बिस्किटं १९५५ पासून लोक रांगा लावून नेतात. त्यांचं इंगित लोणी-साखरेत असेलही, पण काउंटरच्या पलीकडे जाऊन ‘जरा सारखं करते’ म्हणायची कुणालाच सोय नाही, हेही लक्षात घ्यायला हवं.

वाटीने सरळ दाबून गोल कापले, कारण वाटी फिरवली की कडा चिकटतात आणि स्कोन वाकडा फुगतो. ते एकमेकांना खेटून ट्रेमध्ये ठेवले आणि दार बंद झालं. बारा ते पंधरा मिनिटं. एवढा वेळ आमच्या मजल्यावर काहीही न करता कुणी कधी बसलेलं नाही. ड्राय बाल्कनीत उभं राहायला दोघांची जागा. तिथे पाचजण दाटले.

“वरून लाल दिसतंय.”

“तो दिव्याचा उजेड आहे.”

“सुरी खुपसून बघ ना.”

“मी फक्त फटीतून बघतो, उघडत नाही.”

आईने तर परंपरेचा दाखला काढला. कोकणात काकडीचं धोंडस करताना खाली विस्तव आणि झाकणावर निखारे ठेवतात. झाकण उचलून पाहिल्याशिवाय आतलं कसं कळणार? हे ओव्हन-बिव्हन साहेबाने कोकणातूनच नेलं असावं, असंही तिने सुचवलं. कन्या दाराला पाठ लावून उभी राहिली. गरम हवा एकदा बाहेर गेली की फुगायला लागलेले स्कोन बसतात, हे तिने सौम्य शब्दांत सांगितलं. मग जरा कमी सौम्य शब्दांत सांगितलं.

स्कोन उत्तम झाले. वरून सोनेरी, बाजूने आडवी भेग गेलेली, आत चॉकलेट ओघळलेलं, आणि उटण्याऐवजी पोटात गेलेल्या सालीचा वास. इंग्लंडात स्कोनवर आधी काय लावायचं यावर दोन परगण्यांचा जुना वाद आहे. डेव्हनवाले आधी दाट साय लावतात आणि मग जॅम, कॉर्नवॉलवाले आधी जॅम आणि मग साय. आमच्याकडे जॅम पाचगणीचा होता, त्याला कुणाची हरकत नव्हती. साय मात्र आठवडाभराची विरजणाची होती. तिच्याकडे चमचा वळताच घरातल्या दोन पिढ्यांच्या स्त्रिया प्रथमच एका बाजूने बोलल्या. तूप आधी, डेव्हन नंतर.

काकांनी स्कोन चहात बुडवला, तो अर्धा कपातच राहिला, आणि ‘खारी टिकते’ असा त्यांनी अभिप्राय दिला. भाभींनी कृती लिहून घेतली. मैद्याऐवजी गव्हाचं पीठ चालेल का, लोण्याऐवजी तूप, साखरेऐवजी गूळ, आणि चॉकलेट नाही घातलं तर? चालेल, कन्या म्हणाली. त्याला रोट म्हणतात, आणि स्कॉटलंडमध्येही सुरुवात तिथूनच झाली होती.

तेव्हापासून कन्येने एक तोडगा काढला आहे. दुपारी जेवणं आटोपली की पुणं बंद होतं. या वामकुक्षीवर बाहेरगावच्यांनी पुष्कळ विनोद केले, पण तिचा उपयोग कुणी ओळखला नाही. दोन ते चार हा या शहरात दिवसाउजेडी कुणीही कुणाला काहीही न सुचवण्याचा एकमेव काळ आहे. काका वर घोरत असतात, भाभींचं दार बंद असतं, मशीनला सुट्टी असते, पंधरा अँपिअरचा पॉइंट मोकळा असतो. गार लोणी गार राहतं, चॉकलेटचे तुकडे जेवढे कापले तेवढेच राहतात, पीठ ओबडधोबड असलं तरी त्याच्याकडे कुणी करुणेने पाहत नाही. आणि स्कोन ताजे, कोमट निघतात ते बरोबर चारला, म्हणजे साहेबाच्याही चहाच्या वेळेला आणि आपल्याही.

अडचण एकच. ओव्हनचा टायमर शेवटी ‘टिंग’ करतो आणि तो बंद करायची सोय नाही. परवाही तो वाजला, आणि आतल्या खोलीतून आईचा आवाज आला:

“झाले वाटतं? मला उठवायचं नाहीस का गं? जरा मळून दिलं असतं!”